अकरा मिनिटं

ज्योतीराम निगवेकर दूरदर्शनवर कामं करत होते
तेव्हा कोल्हापुरात दूरदर्शन दिसत नव्हतं.
खरं तर एवढंच सांगायचं आहे,
पण एवढ्यावर माणूस संपत नाही.

आठवडाभर उद्यमनगरात लेथवर.
शुक्रवारी रात्रीची एसटी,
पिशवीत फिकट निळा शर्ट.
पांढरा चालत नाही, सांगायचे, कॅमेऱ्यात पेटतो,
निळाच तिथं पांढरा दिसतो.
गल्लीत तो निळाच दिसायचा
आणि गल्ली म्हणायची, मुंबईत बाई ठेवलीय,
नाहीतर जमिनीचं काहीतरी हायकोर्टात असंल.

कामं कसली?
दारातला हवालदार. दुसरा साक्षीदार.
"साहेब, गाडी आली."
एकदा प्रेत झाले. थेट प्रक्षेपण, परत घेणं नाही,
डास चावला आणि प्रेताचा अंगठा हलला.
त्याबद्दल माटुंग्याहून एका प्रेक्षकाचं
रागाचं पोस्टकार्ड आलं.
ते त्यांनी रेशनकार्डात जपून ठेवलं.
आपल्याला कुणी पाहिल्याचा तेवढाच कागद.

मानधन पंचेचाळीस.
भाडं जाऊन साताऱ्याला चहा सुटायचा.
पाटीवर नाव आलं एकदाच,
ज्योतीराव निगडकर.

मोठं काम म्हणाल तर एक, अकरा मिनिटांचं.
पोस्टमन म्हातारीला पत्र वाचून दाखवतो
आणि पत्रात नाही ते वाचतो.
रविवारी अनसूयाकाकूंनी विचारलं, कसं झालं?
म्हणाले, दिवे लई गरम असतात.

मग टॉवर आला, रंग आला.
मी शाहूपुरीत अँटेना बसवायचो,
छपरावर पाइप फिरवत ओरडायचो, "आलं काऽ?"
खालून अख्खं घर, "मुंग्याऽ!"
"आता?"
"माणूस आलाय, पण दोन दोन!"

काका दुकानात यायचे, स्टुलावर बसायचे.
एक दिवस सहज विचारल्यागत म्हणाले,
"जुनं काय लागतंय का रं ह्यात?"
मी मुंबईला पत्र टाकलं.
उत्तर टाइप केलेलं होतं:
फिती महाग असल्याने पुसून पुन्हा वापरल्या जातात.
सदर फितीवर सध्या भुईमुगावरील टिक्का रोग.

त्यांनी ते दोनदा वाचलं, घडी केली.
त्यानंतर रोज संध्याकाळी
ज्याच्या नावावर गुंठाभर रान नाही असा माणूस
शेतीचा कार्यक्रम बघू लागला.
"ह्याच्या खाली मी हाय," एकदा गिऱ्हाइकाला म्हणाले,
तर ते बिचारं वाकून
टेबलाखाली बघायला लागलं.

मी त्यांचं काम पाहिलं ते एकदाच.
घटस्थापनेच्या आधी. आमच्याच छपरावर होतो,
रंकाळ्याकडून वारा, पाइप हातात थरथरत होता.
खाली धाकट्याचं पत्र आलं, पिंपरीहून.
आईला वाचता येत नव्हतं.
काका दारातच होते. त्यांनी पाकीट फाडलं,
चष्मा पुसला, लावला,
आणि सुरू करण्याआधी जरा थांबले,
कुठं तरी लाल दिवा लागायची वाट बघितल्यासारखे.

बरा आहे. दसऱ्याला येतोय.
सोनं आधी तुझ्या हातात देणार, मग देवाला.
पांढरा रस्सा कर म्हणतोय,
तिथल्या खानावळीत नुसतं पाणी असतं.

आवाज चढवला नाही. मान वर केली नाही.
पान उलटलं, मागं कोरं होतं,
तेही वाचलं.

मी शिडीवर अर्ध्यात,
एक पाय हवेत.
खालून कुणी ओरडत नव्हतं, वरून कुणी विचारत नव्हतं.

पत्र मी रात्री वाचलं, कंदिलाशेजारी, लाइट गेली होती.
चार ओळी. येणार नाही.
पैशासाठी परत लिहू नका.

आई भांडी घासता घासता म्हणाली,
लिवतोय मातर झ्याक.
पयल्यापास्नं अक्षरच चांगलं त्याचं.